सात महिने अमेरिकेच्या परराष्ट्र कागदपत्रांसोबत

१९७१ च्या बांगलादेश प्रकरणात अमेरिका पाकिस्तानचा लष्करशहा याह्याखानच्या पाठीशी का उभी राहिली, यावर आपल्याकडे ज्याला त्याला उत्तर ठाऊक असतं. मला मूळ कागद बघायचे होते. म्हणून ‘फॉरिन रिलेशन्स ऑफ द युनायटेड स्टेट्स’ ही कागदपत्रांची खंडमालिका उघडली आणि सात महिने झाले, रोज रात्री तासभर तिच्यातच असतो. अमेरिकेचं परराष्ट्र खातं १८६१ पासून ही काढतंय. संकेतस्थळावर सगळं फुकट आहे.

पहिला महिना डोकं धरून बसलो होतो. तारांवरची वेळ ‘झेड’ म्हणजे ग्रिनिचची, हे कळेपर्यंत ढाका आणि वॉशिंग्टनचा क्रम मी उलटाच लावत होतो. ‘नोडिस’ म्हणजे ठरावीक माणसांपलीकडे न जाणारी तार, हेही मागाहून कळलं. नव्याने सुरू करणाऱ्यांनी आधी खंडाच्या सुरुवातीची संक्षेपांची आणि व्यक्तींची यादी वाचावी. मी ती ओलांडून गेलो होतो.

मग मात्र गोडी लागली. निक्सनच्या काळातल्या अकराव्या, म्हणजे १९७१ च्या दक्षिण आशियावरच्या खंडात २८ एप्रिलचं टिपण आहे. राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार किसिंजरने अध्यक्ष निक्सनपुढे तीन पर्याय ठेवले. निक्सनने तिसरा निवडला आणि खाली स्वतःच्या हाताने लिहिलं, की सध्या याह्याला पेचात पकडू नका. त्यातल्या ‘नका’खाली तीन रेघा! तीनच आठवड्यांपूर्वी, ६ एप्रिलला, ढाक्यातल्या २० अमेरिकन अधिकाऱ्यांनी पूर्व पाकिस्तानातल्या अत्याचारांवर गप्प बसण्याच्या आपल्याच सरकारच्या धोरणाविरुद्ध सही करून तार पाठवली होती. हे दोन कागद एकामागोमाग वाचले त्या रात्री झोप लागली नाही.

रेघांचं कारण शोधायला मात्र दुसरीकडे जावं लागतं. अमेरिकेचं याह्यामार्फत पेकिंगशी (आजचं बीजिंग) संधान बांधणं चालू होतं आणि जुलैत किसिंजर पाकिस्तानातूनच गुपचूप चीनला गेला. ते कागद सतराव्या, म्हणजे चीनवरच्या खंडात. प्रदेशवार विभागणीची ही मोठी अडचण आहे: ज्या दोन गोष्टी त्यांच्या डोक्यात एकत्र होत्या, त्या वाचकाला वेगवेगळ्या कपाटांतून काढाव्या लागतात. मी शेवटी वहीत तारीखवार तक्ता केला.

ई-७ हा जोडखंड अजिबात सोडू नका, त्यात निक्सनच्या खासगी संभाषणांच्या ध्वनिफितींचे उतारे आहेत. ४ नोव्हेंबरच्या इंदिरा गांधी-निक्सन भेटीचं टिपण शिष्टाचाराने भरलेलं आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी निक्सन आणि किसिंजर त्याच बाईंबद्दल जे बोलतात ते वाचून संताप येतो. नुसत्या टिपणांवर कुणी इतिहास लिहिला असता तर?

काही कागदांत मधेच कंसात ‘एक ओळ खुली केलेली नाही’ असं येतं. इराणचं प्रकरण तर यापेक्षा गंभीर. १९८९ मध्ये निघालेल्या खंडात १९५३ च्या सत्तापालटातला सीआयएचा हात गायब होता. त्यावर अभ्यासकांनी आवाज उठवला, १९९१ मध्ये कागद ३० वर्षांच्या आत छापण्याचा कायदा झाला, आणि तरीही इराणचा पुरवणी खंड यायला २०१७ उजाडलं. म्हणून या मालिकेत एखादी गोष्ट नाही, एवढ्यावरून ती घडलीच नाही असं मी आता मानत नाही.

शिवाय हे एकाच राजधानीचं दप्तर आहे. ९ ऑगस्टच्या भारत-सोव्हिएत कराराने वॉशिंग्टन किती हादरलं ते इथे दिसतं, पण आपण तो का केला हे आपल्याच कागदांत शोधायला हवं. इंदिरा गांधींचे सचिव पी. एन. हक्सर यांची कागदपत्रं दिल्लीत तीन मूर्तीच्या ग्रंथालयात आहेत. दिवाळीनंतरचं तिकीट काढलंय, तक्त्याची वही सोबत नेणार आहे.