डॉट नेट ३.५ : इंटरनेटवरून घ्यावे की आयएसओ फाइलमधून?

जालना, परभणीच्या मोंढ्यांतील दुकानांत हिशेबाची जुनी सॉफ्टवेअर अजूनही वापरात असून, ती विंडोज १० असलेल्या संगणकावर टाकताना डॉट नेट फ्रेमवर्क ३.५ (अशी सॉफ्टवेअर चालण्यासाठी लागणारा मायक्रोसॉफ्टचा आधारभूत संच) नसल्याचा संदेश अनेकदा येतो.

पहिला मार्ग सोपा आहे : कंट्रोल पॅनलमधील विंडोज फीचर्सच्या यादीत त्यासमोर खूण करावी, म्हणजे विंडोज अपडेट आवश्यक फाइली स्वतःच उतरवून घेते. मात्र ऐन वेळी वीज जाऊन राउटर बंद पडला (आपल्याकडे हे नवे नाही), तर काम अर्धवट राहते.

दुसऱ्या मार्गात विंडोजची आयएसओ फाइल (इन्स्टॉलेशन डिस्कची एकाच फाइलमधील प्रत) उघडून, अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून सुरू केलेल्या कमांड प्रॉम्प्टमध्ये विंडोजचे घटक जोडणाऱ्या ‘डिझम’ (DISM) आज्ञेला त्या फाइलमधल्या ‘सोर्सेस’मधील ‘एसएक्सएस’ फोल्डरचा पत्ता द्यावा लागतो. आयएसओ अनेक जीबींची असली, तरी तेवढा एक फोल्डर पेन ड्राइव्हवर ठेवला की भागते आणि इंटरनेट लागत नाही. अट एकच, पण कडक : आयएसओ आणि संगणकावरील विंडोज यांची आवृत्ती जुळली पाहिजे, अन्यथा मूळ फाइली सापडत नसल्याची त्रुटी येते आणि दोष सॉफ्टवेअरचा आहे असे उगाच वाटते.

एकच संगणक आणि भरवशाचे इंटरनेट असल्यास पहिला मार्ग पुरेसा आहे. गावोगावी दुरुस्तीस जाणाऱ्याने मात्र दुसराच धरावा.