झालिप्ये: रंगवलेल्या घरांच्या गावाला जाताना

पोलंडच्या दक्षिणेत, तार्नुफ शहराच्या उत्तरेला साधारण ३० किलोमीटरवर झालिप्ये आहे. नावाचा अर्थ 'लिंडेन झाडांच्या पलीकडचं'. फोटो बघून जाणाऱ्यांचा हमखास हिरमोड होतो, कारण रंगीत घरांची सलग गल्ली इथे नाहीच. व्हिस्टुला आणि दुनायेत्स नद्यांच्या बेचक्यातला हा सपाट शेतीचा मुलूख. घरं शेतांमध्ये विखुरलेली. एकाच्या भिंती रंगवलेल्या फुलांनी भरलेल्या, मग पुढची कितीतरी घरं साधी. म्हणून गाडी घेऊनच जा. बस मोजक्या, आणि उतरल्यावर पायपीट वेगळीच.

सुरुवात गावातल्या चित्रकर्ती फेलित्सिया त्सुरीवोवा (१९०४–१९७४) यांच्या घरापासून करा. त्यांच्या पश्चात ते तार्नुफच्या संग्रहालयाकडे आलं. गावात एकच ठिकाण बघायचं असेल तर हेच. भिंती, चूल, छत, काहीच कोरं सोडलेलं नाही. छताला गवताच्या काड्या आणि कागदी फुलांची झुंबरं टांगलेली. दहा मिनिटांत फोटो काढून निघालात तर निम्मं घर राहून जाईल. चुलीजवळ थांबाच, कारण या कलेचं मूळ तिथे आहे.

पूर्वी इथल्या घरांना धुराडं नसे. धूर खोलीतच कोंडायचा आणि भिंती काजळीने काळ्या व्हायच्या. बायका त्यावर चुन्याच्या पांढऱ्या ठिपक्यांनी नक्षी काढत. १९व्या शतकाच्या अखेरीस धुराड्याच्या चुली आल्या, भिंती पांढऱ्या राहू लागल्या आणि ठिपक्यांची फुलं झाली. रंग घरचेच: काजळी, माती, चुना. कुंचलेही घरीच, जनावरांच्या केसांचे. आता बाजारातले रंग वापरतात, त्यामुळे छटा जास्त भडक दिसतात. जुन्या कामाचा मऊपणा त्यांत नाही.

'दोम मालारेक', म्हणजे चित्रकर्तींचं घर, हे गावाचं कलाकेंद्र. रंगवलेल्या वस्तू विकत घ्यायच्या तर इथे घ्या. संत योसेफाच्या चर्चमध्येही रंगवलेली फुलं आहेत. प्रार्थना चालू असेल तर बाहेर थांबा.

कधी जावं? रंगवलेल्या घरांची स्पर्धा १९४८ साली सुरू झाली. ती कॉर्पस क्रिस्ती या ख्रिस्ती सणानंतरच्या शनिवार-रविवारी, म्हणजे बहुधा जूनमध्ये भरते. बाहेरच्या भिंतींवरची फुलं ऊन-पावसाने विटतात, आणि स्पर्धेच्या निमित्ताने घरोघरी नवा हात फिरतो. म्हणून जूनचा उत्तरार्ध सर्वांत चांगला. हिवाळ्यात जाऊ नका. बाहेरचं काम फिकं पडलेलं असतं आणि दिवसही लहान.

जाण्याआधी त्सुरीवोवांच्या घर-संग्रहालयाच्या वेळा तपासा. थोडे झ्लॉटी रोख ठेवा, खाणं तार्नुफहूनच न्या. बाकी घरांत माणसं राहतात, तेव्हा विहीर किंवा कुत्र्याचं घर कितीही सुंदर रंगवलेलं असलं तरी विचारल्याशिवाय फाटकाच्या आत पाऊल टाकू नका.