आठ महिने बॅगेत असलेली यूएसबी कन्सोल केबल

नेटवर्कच्या स्विच-राउटरला लॅपटॉप थेट जोडून त्यांची सेटिंग्ज बघायची-बदलायची ही केबल. दिवाळीनंतर घेतली. एका टोकाला यूएसबी, दुसऱ्या टोकाला आरजे-४५ (लॅन केबलला असतो तसा प्लग), आत यूएसबीचं सीरियल करणारी एफटीडीआय कंपनीची चिप. जळगाव, भुसावळ, चोपडा, धरणगाव असा माझा फेरा असतो. जिनिंग असो, पतसंस्था असो की केळीचं रायपनिंग चेंबर, केबल बॅगेत असतेच.

आधीची स्वस्तातली केबल विंडोज अपडेट झालं की रुसायची. डिव्हाइस मॅनेजरमध्ये पिवळा त्रिकोण, आणि मग हॉटस्पॉटवर जुना ड्रायव्हर शोधत बसायचं. हिने अजून एकदाही तो त्रास दिलेला नाही.

खरी परीक्षा ऐन हंगामात झाली. एका जिनिंगमध्ये वजनकाट्याचा कॉम्प्युटर ऑफिसला जोडला जाईना. बाहेर कापसाच्या गाड्यांची रांग, काट्यावरचा माणूस सारखा विचारतोय, "आते कसं व्हई भाऊ?" स्विचचा आयपी (नेटवर्कवरचा पत्ता) कुणालाच माहीत नाही, म्हणजे नेटवर्कवरून त्यात शिरता येईना. पासवर्ड तेवढा जुन्या डायरीत मिळाला. कन्सोल पोर्टात बसलेला कापसाचा तंतू फुंकून काढला, केबल लावली, पुटी या टर्मिनल प्रोग्रॅममध्ये कॉम पोर्ट निवडून वेग ९६००, ८ डेटा बिट, पॅरिटी नाही, १ स्टॉप बिट, फ्लो कंट्रोल बंद. एंटर दाबताच स्विचचा प्रॉम्प्ट, म्हणजे कमांड टाइप करायची ओळ, आला. काट्याचा पोर्ट बीपीडीयू गार्डने, म्हणजे लूपपासून वाचवणाऱ्या स्विचमधल्या सोयीने, बंद केला होता. काट्याजवळच्या छोट्या स्विचमध्ये एकाच पॅचकॉर्डची (छोट्या लॅन केबलची) दोन्ही टोकं खोचलेली निघाली, तोच लूप. एक टोक काढलं, पोर्ट शटडाउन करून परत उघडला, आणि रांग हलली.

सिस्कोच्या २९६०-एक्स स्विचवर एक गोष्ट लक्षात ठेवा. त्याला मिनी-यूएसबी कन्सोलही आहे आणि तिथे केबल जोडलेली असेल तर आरजे-४५ वरून टाइप केलेलं स्विच घेतच नाही. मेसेज मात्र दोन्हीकडे दिसत राहतात. मी अर्धा तास माझ्याच केबलवर संशय घेतला होता. मायक्रोटिक कंपनीच्या राउटरला वेग ११५२०० लागतो. ९६०० ठेवलात तर नुसती चिन्हं सांडतात.

तक्रारी दोन. लांबी जेमतेम दीड मीटर, त्यामुळे छताजवळच्या रॅकखाली लॅपटॉप हातात धरून उभं राहावं लागतं. आणि आरजे-४५ ची क्लिप मे महिन्यात तुटली. आता प्लग बोटाने दाबून धरतो. चिप चांगली आहे म्हणून पुढचीही हीच घेणार, फक्त तीन मीटरची.