लायसन्स ऑनलाइन रिन्यू करून आठ महिने झाले: सगळं झकास, फक्त सही सोडून

मागच्या आठवड्यात एका काउंटरवर ओळखपत्र म्हणून ड्रायव्हिंग लायसन्स पुढे केलं. तिथल्या मुलीनं ते उलटंसुलटं करून पाहिलं, मग फॉर्मवरची माझी सही पाहिली, पुन्हा लायसन्स पाहिलं आणि विचारलं, "काका, ही सही तुमचीच आहे ना?"

काका म्हटल्याचं काही नाही. पण कार्डावर सहीच्या जागी जे छापलंय ते बघून मलाही ठामपणे 'हो' म्हणवेना. पावसाळ्यात गोगलगाय सरकून गेल्यावर फरशीवर जी रेघ राहते ना, तशी एक रेघ. अक्षर एक नाही. शेवटी आधार कार्ड काढून दिलं, काम झालं. हा अनुभव मी नोव्हेंबरातच अर्धा लिहून ठेवला होता. तेव्हा इतका खूश होतो की त्यात सहीचा उल्लेखसुद्धा नव्हता. आता तो जवळजवळ सगळा बदलून लिहितोय.

माझं लायसन्स २००४ चं. तेव्हाच्या नियमाप्रमाणे २० वर्षं किंवा वयाची पन्नाशी, जे आधी येईल तिथपर्यंत. म्हणजे नोव्हेंबर २०२४ ला संपणार. एजंटला विचारलं तर म्हणाला, "दीड हजार द्या, तुम्हाला काही बघायला नको." मला सगळं बघायचंच असतं, त्यामुळे ते तिथंच राहिलं. सरकारी शुल्क नूतनीकरणाचे २०० आणि स्मार्ट कार्डाचे २००, वर टपालाचे थोडे. चाळिशी ओलांडल्यामुळे डॉक्टरांचा दाखला लागला, त्याचे माझे २०० गेले. आधारचा मोबाइल नंबर बदलायला ५० गेले, त्याची रड पुढे येईल. सगळं धरून एजंटच्या आकड्याच्या निम्म्याच्या आत.

पोर्टल म्हणजे परिवहन खात्याचं 'सारथी', पण पत्ता 'गव्ह डॉट इन'नं संपतोय ना एवढं बघून घ्या. शोधल्यावर सगळ्यात वर जे पान आलं, त्यावर मी नाव, जन्मतारीख, मोबाइल सगळं भरून बसलो होतो. शेवटी रक्कम आली २९९. तिथं शंका आली. सरकार २०० घेतं, ४०० घेतं. २९९ दुकानदार घेतो. बंद केलं. त्यानंतर महिनाभर मला विमा आणि कर्जाचे फोन येत होते, ते या भरलेल्या माहितीचं फळ.

खऱ्या पोर्टलवर पहिला अर्धा तास लायसन्सच्या नंबरातच गेला. माझ्या जुन्या कार्डावर वर्ष नुसतं '०४' असं आणि पुढे पाच आकडे. तसाच टाकला तर 'माहिती सापडली नाही'. तीनदा टाकला, तीनदा तेच. मेव्हण्यानं फोनवर सांगितलं तेव्हा उलगडलं: आता वर्ष चार आकडी लागतं आणि त्यापुढचा क्रमांक सात आकडी, कमी पडतील तेवढी शून्यं पुढे लावायची. दोन शून्यं लावली आणि वीस वर्षांपूर्वीचा मी पडद्यावर हजर. ज्यांची नोंद एवढं करूनही सापडत नाही, त्यांचं जुनं रेकॉर्ड संगणकावर चढलेलंच नसतं. त्याला आरटीओत बॅकलॉग म्हणतात आणि त्यासाठी एक चक्कर मारावीच लागते.

मग आधार. घरबसल्या करायचं तर आधारचा ओटीपी लागतो. २०२१ पासून ज्या कामांना ड्रायव्हिंग टेस्ट लागत नाही त्यातली बरीचशी आधार पडताळणीवर होतात, नूतनीकरण त्यातलंच. माझ्या आधारला जोडलेला नंबर मी २०१६ मध्येच सोडून दिला होता. आता तो कुणाकडे आहे देव जाणे, त्या माणसाला माझे चार ओटीपी गेले. आधार केंद्रावर जाऊन ५० रुपये भरले आणि नंबर बदलायची वाट बघत बसलो.

डॉक्टरांच्या दाखल्याला फॉर्म वन-ए म्हणतात. पूर्वी छापील कागदावर शिक्का मारून आणला की झालं. मला सांगण्यात आलं की डॉक्टर तो पोर्टलवर त्यांच्या लॉगिनमधून भरतात. आमच्या नेहमीच्या डॉक्टरांकडे लॉगिनच नव्हतं. दुसऱ्यांकडे होतं पण पासवर्ड मुलाला माहीत आणि मुलगा बाहेरगावी. तिसऱ्यांनी भिंतीवरचा तक्ता वाचायला लावला, रंग विचारले, अर्ज क्रमांक घेतला आणि पाच मिनिटांत मोकळं केलं. आधी फोन करून 'लॉगिन चालू आहे का' एवढं विचारलं असतं तर रिक्षाचे ऐंशी रुपये वाचले असते.

आता सही.

फोटो आधारवरूनच येतो, त्याबद्दल मी काही लिहिणार नाही, सगळ्यांचं दुःख एकच आहे. सही मात्र आपण अपलोड करायची. अट अशी: १० केबीच्या वर आणि २० केबीच्या आत. मी कोऱ्या कागदावर बॉलपेननं सही केली, कागद स्कॅन केला, फाइल झाली दीड एमबीची. नाकारली. फुकट ॲप घेऊन लहान केली, ३४ केबी. नाकारली. अजून दाबली, ८ केबी. नाकारली, कारण आता ती फार लहान! जेवायची वेळ झाली, हिनं दोनदा हाक मारली. मी २२, ९, २१, ७ असा वरखाली करतोय, गॅसवर दूध ठेवून आच कमीजास्त करावी तसा. रात्री साडेनऊला एकदाची १७ केबीची फाइल लागली. पोर्टलनं ती घेतली तेव्हा मी बाहेरच्या खोलीत येऊन सगळ्यांना सांगितलं. कुणालाही त्याचं विशेष वाटलं नाही.

पैसे भरतानाही एक धक्का बसला: बँकेतून गेले, पोर्टलवर 'प्रलंबित'. अशा वेळी पुन्हा भरू नका. शुल्काच्याच विभागात भरणा तपासायची सोय आहे, ती दाबली की दोन-तीन तासांनी पावती निघते. ते तीन तास मी कसे काढले ते माझं मला माहीत.

इथून पुढे मात्र मी तोंडात बोट घातलं. अर्ज गेला गुरुवारी, सोमवारी संध्याकाळी मंजूर. त्याच रात्री मोबाइलवर डिजिलॉकरमध्ये, म्हणजे सरकारी कागदपत्रांच्या ॲपमध्ये, मुदत २०३४ दिसायला लागली. कुणाला भेटलो नाही, झेरॉक्स काढली नाही, 'साहेब जेवायला गेलेत' ऐकलं नाही. २००४ मध्ये लायसन्स काढायला माझ्या तीन रजा गेल्या होत्या. नऊ दिवसांनी पोस्टमननं पाकीट आणून दिलं. नोव्हेंबरात लिहिलेला मजकूर या आनंदातला आहे. त्यात मी चक्क 'पाचपैकी पाच' असं लिहिलंय.

मुदत दहाच वर्षं का, असं पुष्कळ जण विचारतात. १ सप्टेंबर २०१९ पासून कायदा बदलला. तिशीच्या आतल्यांना वयाच्या चाळिशीपर्यंत, तीस ते पन्नासवाल्यांना दहा वर्षं, पन्नास ते पंचावन्नवाल्यांना साठीपर्यंत आणि त्यापुढे पाच-पाच वर्षं. माझा मेव्हणा चोपन्नचा आहे, त्याला सहाच मिळाली. तो 'पैसे तेवढेच आणि वर्षं कमी' म्हणून अजून कुरकुरतोय. तेवढ्यापुरता मी त्याच्या बाजूनं आहे. बदलात एक गोष्ट मात्र सोयीची झाली: मुदत संपायच्या वर्षभर आधीपासून अर्ज करता येतो. संपून वर्ष उलटलं तर पुन्हा ड्रायव्हिंग टेस्ट द्यावी लागते, तेवढं मात्र होऊ देऊ नका.

रोजच्या वापराचं सांगायचं तर कार्ड पाकिटातून फारसं निघतच नाही. नाक्यावर हवालदारांनी दोनदा अडवलं, दोन्ही वेळा मोबाइलवर दाखवलं, त्यांनी मान डोलावली. २०१८ च्या नियमदुरुस्तीपासून डिजिटल लायसन्स कागदाइतकंच चालतं. म्हणून सहा-सात महिने माझं सहीकडे लक्षच गेलं नाही. ज्या दिवशी कार्ड खरंच हातात देऊन कुठं सही करायची वेळ आली, त्या दिवशी ती गोगलगाय दिसली.

घरी येऊन आधी पोर्टलला मनसोक्त शिव्या दिल्या. मग संगणकावर जुनी १७ केबीची फाइल उघडली आणि गप्प झालो. मी अख्खा ए-फोर कागद अपलोड केला होता! मधोमध मुंगीएवढी सही आणि चारी बाजूंना पांढरं माळरान. त्या रात्री मी फक्त केबी बघत होतो, सहीकडे बघितलंच नव्हतं. त्यातून माझ्या सहीला मामलेदाराच्या सहीसारखं लांब शेपूट. कार्डावरच्या बोटभर चौकोनात सगळं कोंबल्यावर अक्षरं विरून गेली आणि शेपूट तेवढं उरलं. शिवाय ॲपनं चित्राचा आकार न कमी करता दर्जा कमी केला होता, त्यामुळे निळी शाई राखाडी धूर झाली.

तरीही सगळी चूक पदरात घ्यायला मी तयार नाही. दीड एमबीची सही परत पाठवता येते, तर 'सही चौकोन भरून येऊ द्या' एवढी एक ओळ लिहायला काय हरकत होती? पाचपैकी पाचचे आता साडेतीन. अर्धा गुण पोस्टमनचा आहे, तो काढून घेत नाही.

हिचं लायसन्स यंदा जूनमध्ये संपत होतं. एप्रिलमध्येच बसलो. जाड काळ्या पेननं कोऱ्या कागदावर सही करायला लावली, खिडकीपाशी उजेडात फोटो काढला, सहीला चिकटून चारी बाजू कापल्या, रंग काढून काळंपांढरं केलं आणि मग फक्त लांबीरुंदी कमी केली. पहिल्याच फटक्यात १४ केबी. तिची सही मराठीत, तीन गोल अक्षरं, शेपूट वगैरे काही नाही. कार्ड आलं तेव्हा ती तीन अक्षरं लग्नपत्रिकेवर छापल्यासारखी उठून दिसत होती. ते कार्ड तिनं माझ्या कार्डाशेजारी टेबलावर ठेवलं आणि काही न बोलता चहा टाकायला गेली.

फोटो-सही बदलून घ्यायची वेगळी सेवा पोर्टलवर आहे. पण त्याचं पुन्हा शुल्क आणि नव्या कार्डाचे पुन्हा २००. एका शेपटापायी एवढे पैसे घालवायचा माझा विचार नाही, २०३४ फार लांब नाही. तोवर कुठं फॉर्मवर सही करायची वेळ आली की लायसन्स समोर ठेवतो आणि त्याच्यावर आहे तशी रेघ ओढतो. परवा घरी दहा-बारा वेळा गिरवून पाहिली, बऱ्यापैकी जमायला लागली आहे.