ओल्मीची 'द ट्री ऑफ वुडन क्लॉग्ज' ब्लू-रे: बेळगावात बसून मागवावी का?

मागवा, पण आधी प्लेअर बघा. क्रायटेरियन ह्या अमेरिकन कंपनीची ही डिस्क रिजन ए ची आणि भारत येतोय रिजन सी मध्ये, म्हणजे घरातला साधा प्लेअर ती घेणार नाही, रिजन-फ्री पाहिजे. वर कस्टम ड्युटी. एवढा खर्च करून पिक्चर एकच, तीन तासाच्या वर, त्यात हिरो नाही, फाइट नाही, गाणं नाही.

तरी मागवा म्हणतोय ते आवाजासाठी. डायरेक्टर एर्मानो ओल्मी मूळचा उत्तर इटलीतल्या बेर्गामोचा आणि पिक्चरमध्ये सगळी त्याच भागातली शेतकरी माणसं, नट कुणी नाही, ती आपल्या बेर्गामोच्या बोलीतच बोलतात. बाकीच्या इटलीला ते कळायचं नाही म्हणून इटालियनमध्येपण आवाज केलेला, डिस्कवर दोन्ही आहेत. मेनूत जाऊन बोलीचाच ट्रॅक लावा. इटालियन लावलं की तीच माणसं बातम्या वाचल्यासारखी वाटतात. आपल्याकडं घरात एक भाषा, शाळेत दुसरी, तालुका ऑफिसात तिसरी, त्यामुळं हा फरक आपल्या कानाला लगेच कळतोय.

गोष्ट एकोणिसाव्या शतकाच्या शेवटची. एका वाड्यात चार कुटुंबं, जमीन, झाडं, जनावरं बहुतेक सगळं मालकाचं, पिकाच्या तीन वाट्यांतले दोन मालकाला जाणार. पोराचं लाकडी पायताण मोडतंय, लांब चालत शाळेला जायचं असतंय, म्हणून बाप रात्री गुपचूप मालकाचं एक झाड तोडतोय. पुढचं सांगत नाही. पण खरी मजा ह्या गोष्टीच्या आजूबाजूला आहे. अन्सेल्मो आजोबा कोंबडीची शीट घालून टोमॅटो सगळ्यांच्या आधी पिकवायच्या मागं, आणि ते गुपित फक्त नातीला ठाऊक, असले आजोबा येळ्ळूरकडं प्रत्येक गल्लीत सापडतील. सबटायटल इंग्लिशच, आईला वाचता येत नाहीत, म्हणून मी मधेमधे सांगत होतो. विधवा बाईची गाय आजारी पडते, डॉक्टर म्हणतोय कापून टाका, आणि ती ओढ्याचं पाणी आणून देवाचं नाव घेत गाईला पाजते, तिथं आईनं मलाच गप्प बस म्हटलं.

एक मात्र खटकलं. ही माणसं मालकापुढं इतकी गप्प का? जत्रेत एकजण समतेवर भाषण ठोकतोय आणि फिनार्द नावाच्या शेतकऱ्याचं सगळं लक्ष खाली पडलेल्या सोन्याच्या नाण्यावर, ते उचलून घोड्याच्या खुरात लपवतोय. हसू येतंय खरं, पण 1981 ला निपाणीत तंबाखूच्या भावासाठी शेतकरी हायवेवर बसले होते हे ऐकत मोठं झालेल्या माणसाला ते गप्प बसणं जड जातंय. ओल्मीला चळवळ दाखवायचीच नव्हती, त्याला राबणारे हात दाखवायचे होते, हे मला कळतंय, पटत नाही.

ही नजर त्याला कुठनं आली तर तो एदिसनवोल्ता ह्या वीज कंपनीत नोकरीला होता आणि तिथंच कामगारांवर, धरणांवर डॉक्युमेंटरी करत शिकला. 1959 चा पहिला मोठा पिक्चरपण बर्फातल्या धरणाच्या वॉचमनवरच. मग 1961 चा 'इल पोस्तो', खेड्यातला पोरगा मिलानला नोकरीची परीक्षा द्यायला जातोय. पुढं बरीच वर्षं टीव्हीसाठी केलं, आणि हा पिक्चरसुद्धा राई ह्या सरकारी टीव्हीच्याच पैशावर झालाय. लिहिला, शूट केला, एडिट केला, सगळं त्यानं स्वतः, आणि 1978 ला फ्रान्सच्या कान फेस्टिव्हलचा सगळ्यात मोठा अवॉर्ड. 1988 ला दुसऱ्या पिक्चरसाठी व्हेनिस फेस्टिव्हलचा गोल्डन लायन. 2018 ला गेला.

ओल्मी कधीच बघितला नसेल तर आधी 'इल पोस्तो' बघा, दीड तासाचा आहे आणि पुण्याला नाहीतर बेंगळूरला इंटरव्ह्यूला जाऊन आलेल्या कुणालाही आतनं कळेल. ते आवडलं तरच ह्या डिस्कवर पैसे घाला. डिस्कवरची ब्रिटिश डायरेक्टर माइक ली ह्याची प्रस्तावना पिक्चर झाल्यावर बघितली तरी चालतंय. आणि हो, ह्यात डुक्कर खरोखर कापतानाचा लांब सीन आहे, घरात लहान पोरं असतील तर रिमोट हाताशी ठेवा.