हप्ता हलला नाही, मुदत मात्र नऊ वर्षांनी लांबली

कोल्हापूरच्या शिवाजी उद्यमनगरात माझे लेथकामाचे छोटे वर्कशॉप आहे. पाचगावात सदनिका घेण्यासाठी आम्ही २०२१ साली एका गृहवित्त कंपनीकडून कर्ज काढले. जुलै २०२५ पर्यंत त्याचे ४७ हप्ते, म्हणजे जवळपास ११ लाख ८ हजार रुपये भरून झाले. एकही हप्ता चुकला नाही, खात्यातून हप्ता आपोआप कापणारे एकही ईसीएस परत गेले नाही. तरीही या चार वर्षांत कर्जाचे मुद्दल कमी झाले ते अवघ्या १ लाख १८ हजारांनी. उरलेले ९ लाख ९० हजार व्याजात गेले. हे कसे घडले आणि त्यातला प्रत्येक टप्पा कागदावर कसा ‘नियमात’ बसवलेला होता, ते मी येथे आकड्यांसह मांडतो आहे, कारण कोल्हापुरात आमच्यासारखे स्वतःच्या धंद्यावर जगणारे आणि सरकारी बँकेने हात आखडता घेतला म्हणून अशा कंपन्यांकडे वळणारे पुष्कळ लोक आहेत.

आमची गरज २५ लाखांची होती. जॉबवर्कच्या धंद्यात उलाढाल दिसते पण आयकर विवरणात उत्पन्न बेताचेच दिसते, त्यामुळे बँक १६ लाखांच्या पुढे जाईना. बिल्डरच्या ऑफिसात बसणाऱ्या कर्ज एजंटाने मात्र जीएसटीचे रिटर्न आणि करंट खात्याचे स्टेटमेंट पाहूनच ‘काम होईल’ असे सांगितले. दर ९ टक्के, मुदत २० वर्षे, हप्ता साडेतेवीस हजारांच्या घरात. माझ्या पत्नीने, जी सहकर्जदार आहे, त्याला स्पष्ट विचारले होते की पुढे व्याज वाढले तर काय होणार. त्याचे उत्तर आम्हा दोघांनाही शब्दशः आठवते : “वहिनी, हप्ता एक रुपयानं हलणार नाही, माझ्यावर विश्वास ठेवा. रिझर्व्ह बँकेनं दर कमी केला की तुमचा आपोआप कमी होणार.” यातले पहिले वाक्य अक्षरशः खरे ठरले, आणि आमचे सर्वांत मोठे नुकसान त्याच खऱ्या वाक्यामुळे झाले. दुसरे वाक्य मात्र पूर्ण खोटे होते.

पहिली रक्कम चढली ती विम्याची. मंजुरीपत्र आले तेव्हा कर्ज २५ लाखांऐवजी २६ लाख २० हजारांचे होते. वरचे १ लाख २० हजार म्हणजे कर्जाच्या विम्याचा एकरकमी हप्ता. तो घ्यावाच लागतो, रिझर्व्ह बँकेचा नियम आहे, असे सांगण्यात आले. असा कोणताही नियम नाही. विमा घेणे शहाणपणाचे असू शकते, पण कर्ज देण्यासाठी तो ठरावीक कंपनीकडूनच आणि कर्जातच घालून घ्यावा, अशी सक्ती करता येत नाही. शिवाय हे पैसे खिशातून दिलेले नसून २० वर्षांच्या कर्जात मिसळलेले असल्यामुळे त्यावरही ९ टक्क्यांनी व्याज धावू लागले. त्या १ लाख २० हजारांपोटी दरमहा १,०८० रुपये आणि २० वर्षांत एकूण २ लाख ५९ हजार रुपये जाणार होते. हातात २५ लाखच पडले आणि हप्ता मात्र २६ लाख २० हजारांचा चालू झाला, हे धरून हिशेब केला तर ९ टक्क्यांचे कर्ज पहिल्याच दिवशी ९.६५ टक्क्यांच्या आसपास गेलेले होते. प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन यांचा खर्च वेगळा. चेकवरची तारीख एक आणि खरेदीखताच्या दिवशी तो प्रत्यक्ष विक्रेत्याच्या हाती पडला ती तारीख दुसरी, आणि व्याज मात्र पहिल्या तारखेपासून आकारलेले, ही बाब रकमेने लहान असली तरी नियत दाखवणारी होती. या प्रथेवर रिझर्व्ह बँकेने २९ एप्रिल २०२४ च्या परिपत्रकात स्पष्ट आक्षेप घेतला आहे.

आता मूळ गोष्ट. २६ लाख २० हजारांवर ९ टक्के दराने २० वर्षांचा हप्ता २३,५७३ रुपये येतो. पहिल्या महिन्यात त्यातले १९,६५० रुपये व्याजाचे आणि केवळ ३,९२३ रुपये मुद्दलाचे असतात. ही फसवणूक नव्हे, कर्जाचे गणितच तसे चालते आणि ते प्रत्येक बँकेत सारखेच असते. २४० हप्त्यांत एकूण ५६ लाख ५७ हजार भरायचे होते. हा आकडा आम्हाला कोणी तोंडाने सांगितला नाही. सगळे बोलणे हप्त्याभोवतीच फिरत राहिले, कारण महिन्याला किती हे ऐकून माणूस घरखर्चाशी मेळ घालतो आणि हो म्हणतो, तर एकूण किती हे ऐकल्यावर तो दोन दिवस विचार करायला मागतो.

मे २०२२ पर्यंत रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने कर्ज देते तो, ४ टक्के होता. तो टप्प्याटप्प्याने वाढत फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्क्यांवर गेला. आमचे १८ हप्ते ९ टक्क्यांनी गेले होते आणि मुद्दल २५ लाख ४४ हजार ७०० च्या आसपास आले होते. मार्च २०२३ पासून कंपनीने आमचा दर १०.५ टक्के केला. एक एसएमएस आला, त्यात ‘आपला व्याजदर सुधारण्यात आला आहे, हप्त्यात बदल नाही’ एवढेच होते. हप्त्यात बदल नाही हे वाचून कोणालाही हायसे वाटेल, तसे आम्हालाही वाटले. नव्या दराने त्या महिन्याचे व्याजच २२,२६६ रुपये झाले होते, म्हणजे २३,५७३ च्या हप्त्यातून मुद्दलाकडे जाणारी रक्कम १,३०७ रुपयांवर आली होती. हप्ता न वाढवता हे कर्ज फिटण्यासाठी उरलेल्या २२२ महिन्यांऐवजी ३३२ महिने लागणार होते. ११० महिने, म्हणजे ९ वर्षे २ महिने, कंपनीच्या संगणकाने आमच्या नावावर चढवले. कर्ज घेताना मी चाळिशीत होतो, आता शेवटचा हप्ता सत्तरीच्या उंबरठ्यावर येणार होता.

याची किंमत किती? १८ आणि ३३२ मिळून ३५० हप्ते, एकूण ८२ लाख ५० हजार रुपये. ठरलेल्या ५६ लाख ५७ हजारांपेक्षा जवळपास २६ लाख जास्त. म्हणजे जेवढे कर्ज मुळात मागितले होते, तेवढी रक्कम नुसत्या मुदतवाढीतून आणि दीड टक्क्याच्या दरवाढीतून उभी राहिली. दर ११ टक्के केला असता तर याच हप्त्यात महिन्याला अडीचशेपेक्षाही कमी रुपये मुद्दलाला गेले असते आणि कर्ज फिटायला ५०० महिने लागले असते.

माझा आक्षेप दर वाढवण्यावर नाही. बदलता दर घेतला की तो वाढणारच. आक्षेप पर्याय लपवण्यावर आहे. मुदत तीच ठेवायची असती तर हप्ता २६,०२९ रुपये करावा लागला असता, म्हणजे दरमहा २,४५६ रुपये जास्त. तसे केले असते तर एकूण रक्कम ६२ लाख ३ हजारांवर थांबली असती. महिन्याला अडीच हजार वाढवून २० लाख वाचत असताना हा पर्याय आम्ही नाकारला असता का? वर्कशॉपच्या वीजबिलात त्याहून जास्त चढउतार होतो. पण तसे विचारणे कंपनीच्या सोयीचे नव्हते, कारण लांबलेल्या मुदतीतले ते वीस लाख तिचे उत्पन्न आहे. रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी बँका आणि गृहवित्त कंपन्या या सर्वांना बजावले की, दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्हींचा मेळ घालायचा हे निवडण्याची संधी कर्जदाराला द्यावी, दर तिमाहीला वसूल झालेले मुद्दल व व्याज, उरलेल्या हप्त्यांची संख्या आणि वार्षिक दर दाखवणारे विवरण द्यावे, आणि जुन्या कर्जदारांनाही ३१ डिसेंबर २०२३ पर्यंत हे पर्याय कळवावेत. आम्हाला असे एकही पत्र आले नाही. पुढे तक्रारीच्या उत्तरात कंपनीने ‘कळवले होते’ असे लिहिले, पण कोणत्या दिवशी, कोणत्या नंबरवर, हे विचारल्यावर त्याचा पुरावा दिला नाही.

हे सगळे उघडकीला आले ते २०२५ च्या दरकपातीमुळे. फेब्रुवारी, एप्रिल आणि जून या महिन्यांत मिळून रेपो दर ६.५ वरून ५.५ टक्क्यांवर आला. त्याच इमारतीतल्या, राष्ट्रीयीकृत बँकेचे कर्ज असलेल्या शेजाऱ्याचा दर खाली आला आणि आमचा १०.५ वरून हलला नाही. कंपनीच्या ऑफिसात विचारले तेव्हा कळले की आमचे कर्ज रेपो दराशी जोडलेलेच नाही, ते कंपनीच्या स्वतःच्या पीएलआरशी, म्हणजे तिनेच ठरवलेल्या मूळ दराशी, जोडलेले आहे. १ ऑक्टोबर २०१९ पासून नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या मानदंडाशी जोडण्याचे बंधन बँकांवर आहे, गृहवित्त कंपन्यांवर नाही. एजंटाला हे पक्के ठाऊक असणार. नव्या ग्राहकाला तेच ऑफिस आमच्याहून कमी दर देत होते आणि आम्हाला तो हवा असेल तर ‘कन्व्हर्जन फी’ म्हणून शिल्लक रकमेच्या अर्धा टक्का आणि त्यावर जीएसटी, म्हणजे पावणेपंधरा हजार रुपये मागत होते. वाढ आपोआप झाली होती, कपात मात्र विकत घ्यायची.

त्या वेळी शिल्लक २५ लाख १ हजार ८०० रुपये होती. पुतण्याने एक्सेलमध्ये पूर्ण तक्ता मांडून दिला आणि वर दिलेले आकडे तेव्हा एका ओळीखाली एक असे दिसले. लोन अकाउंटचे स्टेटमेंट मागताना नुसते व्याजाचे प्रमाणपत्र देऊन बोळवण करतात. ते आयकरासाठी ठीक आहे, पण त्यात मुदत दिसत नाही. मागायचा असतो तो आजच्या तारखेचा परतफेडीचा तक्ता, ज्याच्या शेवटच्या ओळीत अखेरच्या हप्त्याचा महिना आणि साल असते. आमच्या तक्त्यात तिथे २०५० साल होते. करारनाम्याची प्रत आम्हाला कर्जवाटपाच्या वेळी मिळाली नव्हती, ती लेखी मागणीनंतर आली, तीही फक्त इंग्रजीत. कर्जदाराला समजेल अशा भाषेत अटी कळवणे आणि करारनाम्याची सर्व जोडपत्रांसह प्रत देणे हे अशा कंपन्यांवर न्याय्य व्यवहार संहितेनुसार बंधनकारक आहे, हे त्यांच्या शाखेतल्या माणसाला आम्हीच दाखवावे लागले.

विम्याचे कागद त्या प्रतीबरोबरच हाती आले आणि त्यात आणखी एक गोष्ट निघाली. विम्याचे संरक्षण मूळ २४० हप्त्यांच्या तक्त्याप्रमाणे दर वर्षी घटत जाणारे होते. कर्ज मात्र त्या तक्त्याप्रमाणे घटत नव्हते आणि मुदत ३५० हप्त्यांवर गेली होती. म्हणजे मला काही झाले असते तर विम्याची रक्कम शिल्लक कर्जापेक्षा कमी पडली असती, आणि २० वर्षांनंतरच्या नऊ वर्षांत तर विमाच नव्हता. ‘घरच्यांवर कर्जाचा बोजा येणार नाही’ असे सांगून विकलेल्या विम्याची ही अवस्था. मुदत वाढवताना ही तफावत कळवणे कोणाच्याच डोक्यात आले नाही, किंवा आले असेल तर सोडून दिले गेले.

तक्रार आधी कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे लेखी केली आणि समाधान न झाल्यावर राष्ट्रीय आवास बँकेच्या ‘ग्रिड्स’ या ऑनलाइन व्यवस्थेत नोंदवली. गृहवित्त कंपनीविरुद्धची तक्रार तिकडे जाते. कर्ज बँकेचे असेल तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे. कंपनी एका बाबतीत नमली, कन्व्हर्जन फी माफ करायला तयार झाली. झालेल्या जादा व्याजाबद्दल मात्र ‘करारातील अटीनुसार’ एवढेच उत्तर मिळाले. तोवर आयकर विवरणातले उत्पन्नही वाढलेले होते, म्हणून आम्ही एका बँकेत रेपोशी जोडलेल्या ८.२५ टक्के दराने कर्ज हलवायचे ठरवले. तिथे उरलेल्या १९३ महिन्यांसाठी हप्ता २३,४४९ रुपये बसला, म्हणजे जवळजवळ तोच हप्ता आणि पुन्हा मूळचीच २० वर्षांची मुदत. हलवण्याचा खर्च आहेच : नव्या बँकेची फी, सर्च रिपोर्ट, मूल्यांकन, गहाणाच्या नोंदीवरचे मुद्रांक शुल्क. पण वर्षभराच्या आतच तो भरून निघतो, असे आमच्या तक्त्यावरून दिसते.

फोरक्लोजर लेटर, म्हणजे कर्ज मुदतीआधी बंद करायला किती रक्कम लागेल ते सांगणारे पत्र, मागितल्यावर कंपनीने त्यात मुदतपूर्व परतफेडीचे शुल्क घातले होते. व्यक्तीने घरासाठी घेतलेल्या बदलत्या दराच्या कर्जावर असे शुल्क घेता येत नाही. पैसे दुसऱ्या बँकेकडून आले तरी नाही. हे लेखी दाखवल्यावर दुरुस्त पत्र आले. ज्यांना आता नव्याने कर्ज घ्यायचे आहे त्यांची स्थिती आमच्याहून बरी आहे, कारण १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या, घर-वाहनासारख्या रिटेल कर्जांना एक महत्त्वाच्या माहितीचे पत्रक द्यावेच लागते. त्यात विमा आणि इतर आकार धरून येणारा वार्षिक टक्केवारी दर आणि परतफेडीचा तक्ता असतो, आणि ते वाचायला किमान तीन कामकाजाचे दिवस मिळतात. एजंट ‘आजच सही करा, उद्या दर बदलेल’ म्हणाला, तर त्या तीन दिवसांची आठवण त्याला द्यावी. त्याच पत्रकात दर कशाशी जोडला आहे तेही पाहावे. तिथे रेपोऐवजी कंपनीचा स्वतःचा संदर्भ दर असेल तर दर कधी खाली येईल हे कंपनीच ठरवणार, एवढे धरून चालावे.

सध्या दोन कामे शिल्लक आहेत. विमा पॉलिसी रद्द करून उरलेल्या काळाचा परतावा मागण्याचा अर्ज आम्ही विमा कंपनीकडे थेट दिला आहे, गृहवित्त कंपनीमार्फत नाही. आणि जुन्या कंपनीकडे असलेली मूळ कागदपत्रे नव्या बँकेकडे जायची आहेत. कर्ज पूर्ण फिटल्यावर कागद ३० दिवसांत सोडले नाहीत आणि दिरंगाई कंपनीची असेल तर १ डिसेंबर २०२३ पासून लागू झालेल्या नियमानुसार दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. ही तारीख मोजता यावी म्हणून आम्ही रक्कम जमा झाल्याची पोच शिक्क्यासह घेतली, आणि कर्ज घेताना जमा केलेल्या कागदांची यादी तिच्यासोबत जोडून ठेवली आहे.