मेलिना मेर्कुरी की इरीन पापास : आधी कुणाचे सिनेमे पाहावेत?

जुना ग्रीक सिनेमा पाहायचा ठरवला की या दोन अभिनेत्रींची नावं लगेच पुढे येतात. वेळ थोडा असेल तर माझा कौल पापासला. पण मेलिनाचा एक सिनेमा मात्र चुकवू नका, आणि तो तिचा सर्वांत गाजलेला सिनेमा नव्हे.

तो म्हणजे 'स्टेला' (१९५५). रंगभूमीवरून आलेल्या मेलिनाचा हा पहिलाच सिनेमा, दिग्दर्शक मायकेल काकोयानिस. अथेन्सच्या एका मैफली-अड्ड्यावर गाणारी स्टेला जीव ओतून प्रेम करते, पण लग्नाला उभी राहत नाही. तो घोगरा आवाज आणि बेधडक हसू पुढे तिच्या कुठल्याच सिनेमात इतकं खरं वाटलं नाही. 'नेव्हर ऑन संडे'ने (१९६०) तिला कान चित्रपट महोत्सवाचा अभिनेत्रीचा पुरस्कार (फ्रेंच अभिनेत्री जान मोरोसोबत विभागून) आणि ऑस्करचं नामांकन दिलं. सिनेमा प्रसन्न आहे, पण त्यातली पिरेयस बंदरातली वेश्या मला परदेशी प्रेक्षकांसाठी बेतलेली वाटते. १९६७ मध्ये ग्रीसमधल्या लष्करी राजवटीने मेलिनाचं नागरिकत्व काढून घेतलं. राजवट कोसळल्यावर ती परतली, खासदार झाली आणि १९८१ मध्ये सांस्कृतिक मंत्री. ब्रिटिश म्युझियममधली, अथेन्सच्या पार्थेनॉन या प्राचीन मंदिराची शिल्पं ग्रीसला परत मिळावीत म्हणून ती शेवटपर्यंत झगडली. तिचं मोठेपण पडद्यावर मावत नाही, म्हणून केवळ सिनेमे पाहून तिला तोलणं तिच्यावर अन्याय ठरेल.

पापासचं तसं नाही. जे आहे ते पडद्यावरच आहे, आणि भरपूर आहे. 'झोर्बा द ग्रीक'मधली (१९६४) विधवा जेमतेम बोलते, तरी ती गल्लीतून चालत गेली की सगळ्या गावाची वासना आणि द्वेष आपल्याला दिसतो. दिग्दर्शक पुन्हा काकोयानिसच. इतकंच नाही, 'स्टेला'तला प्रियकर योर्गोस फुंदास इथे तिच्या वैऱ्याच्या भूमिकेत आहे. हे दोन सिनेमे लागोपाठ पाहाच. मनासारखं जगू पाहणाऱ्या बाईला समाज काय किंमत मोजायला लावतो, हे त्यात दोन तऱ्हांनी कळतं.

पण पापास खरी उलगडते ती प्राचीन ग्रीक नाटककार युरिपिडीसच्या शोकांतिकांवरच्या सिनेमांमध्ये. 'इलेक्ट्रा' (१९६२) कृष्णधवल आहे. उजाड माळ, काळ्या वस्त्रांतल्या बायका, थिओडोराकिसचं संगीत आणि मधोमध तिचा तो कोरल्यासारखा चेहरा. 'द ट्रोजन विमेन'मध्ये (१९७१) ती हेलन आहे, जिच्यापायी ट्रॉयचं युद्ध झालं ती. आधी लाकडी फळ्यांच्या फटींतून फक्त तिचे डोळे दिसतात, पिंजऱ्यातल्या वाघिणीसारखे येरझारा घालणारे. कॅथरिन हेपबर्न समोर असतानाही नजर पापासवरच खिळते. 'इफिजेनिया'त (१९७७) ती लेकीचा बळी जाताना पाहणारी क्लायटेमनेस्ट्रा होते.

उपशीर्षकं वाचायचा कंटाळा असेल तर 'झोर्बा' किंवा 'ट्रोजन विमेन' घ्या, दोन्ही इंग्रजीत आहेत. कंटाळा नसेल तर आधी 'इलेक्ट्रा', मग 'स्टेला'. 'नेव्हर ऑन संडे' मागाहून पाहिला तरी चालेल.